आधी छेद, मग बेरीज



१/२ + १/३ = २/५.

नवे सत्र सुरू झाले की पहिल्याच महिन्यात सहावीच्या काही वह्यांमध्ये हे उत्तर हमखास दिसते. वरच्या अंकांची बेरीज वर, खालच्या अंकांची बेरीज खाली. लिहिणारा मुलगा आळशी नसतो. पूर्ण संख्यांची बेरीज करताना जी सवय हाताला लागली, तीच त्याने इथे वापरलेली असते. म्हणून मी अशा उत्तरावर लगेच लाल फुली मारत नाही. एकच प्रश्न विचारते: अर्ध्यामध्ये आणखी काही मिळवले, तर उत्तर अर्ध्यापेक्षा मोठे येणार की लहान?

सगळा वर्ग एका सुरात सांगतो, "मोठे!" मग मी पुढचा प्रश्न विचारते: २/५ हे अर्ध्यापेक्षा मोठे की लहान? पाचाचे अर्धे अडीच. दोन हे अडीचपेक्षा कमी. म्हणजे २/५ अर्ध्यापेक्षा लहान. मिळवले आणि कमी झाले, असे कसे होईल? इथे वर्ग शांत होतो, आणि खरा धडा इथूनच सुरू होतो.

हा लेख त्याच धड्याविषयी आहे. तो सहावीतल्या कॅडेटसाठी आहे, तसाच अकरावी-बारावीतल्यांसाठीही आहे. कारण सहावीत राहून गेलेली ही गोष्ट पुढे वेगळ्या वेषात परत येते. दहावीत समांतर जोडणीतला रोध काढताना ती येते, भिंगाचे सूत्र वापरताना येते, बीजगणितात छेदाच्या जागी अक्षरे आली की पुन्हा येते. वरच्या वर्गातली मुले "भौतिकशास्त्र जमत नाही" असे सांगत येतात. वही उघडून पाहिले तर भौतिकशास्त्राचा नियम त्यांना नीट ठाऊक असतो. अडलेले असते ते १/२० मधून १/३० वजा करणे.

छेद म्हणजे नाव

आधी शब्द नीट पाहू. तुमच्यापैकी बरेच जण मराठी शाळेतून इथे आले आहेत आणि इथे गणित इंग्रजीतून शिकत आहेत. फळ्यावर ज्याला डिनॉमिनेटर म्हणतात तोच तुमचा छेद. न्यूमरेटर म्हणजे अंश. एलसीएम म्हणजे लसावि, अर्थात लघुतम सामाईक विभाज्य. शब्द नवे आहेत, गणित तेच आहे. गावच्या शाळेत जे शिकलात ते वाया गेलेले नाही, हे आधी मनाशी पक्के करा.

आता ३/५ या अपूर्णांकाकडे पाहा. खालचा ५ सांगतो की एका पूर्ण वस्तूचे पाच सारखे भाग केले. वरचा ३ सांगतो की त्यांतले तीन घेतले. म्हणजे छेद हा भागाचे नाव सांगतो, "पंचमांश". अंश त्या भागांची मोजणी सांगतो, "तीन". ३/५ + १/५ म्हणजे तीन पंचमांश आणि एक पंचमांश. उत्तर चार पंचमांश, ४/५. तीन आंबे आणि एक आंबा मिळून चार आंबे होतात, तितकेच हे सोपे आहे. बेरीज करताना "आंबा" हे नाव बदलत नाही, म्हणून छेदही बदलत नाही. छेदांची बेरीज का करायची नाही, याचे उत्तर एवढेच आहे: नावांची बेरीज होत नसते.

पण १/२ + १/३ मध्ये नावे वेगळी आहेत. एक अर्धा आणि एक तृतीयांश. हे दोन तुकडे एकत्र ठेवले तर तुकडे दोन झाले हे खरे, पण दोन काय? दोन अर्धे म्हणावेत तर नाहीत, दोन तृतीयांशही नाहीत. ३ मीटर आणि २० सेंटिमीटर मिळून २३ होत नाहीत. आधी ३ मीटरचे ३०० सेंटिमीटर करावे लागतात, मग ३२० सेंटिमीटर हे उत्तर मिळते. अपूर्णांकांचेही तसेच आहे.

एनसीसीत नकाशावाचन शिकलेल्यांना हे लगेच पटेल. एका नकाशाचे प्रमाण १ : ५०,००० आहे आणि त्यावर तुमच्या वाटेचा पहिला टप्पा ४ सेंटिमीटर भरतो. पुढचा टप्पा शेजारच्या नकाशावर आहे. त्याचे प्रमाण १ : २५,००० असून त्यावर अंतर ६ सेंटिमीटर भरते. मग एकूण १० सेंटिमीटर म्हणायचे का? असे कोणीही म्हणणार नाही. पहिल्या नकाशावरचा १ सेंटिमीटर म्हणजे जमिनीवरचा अर्धा किलोमीटर आणि दुसऱ्यावरचा १ सेंटिमीटर म्हणजे पाव किलोमीटर. पहिला टप्पा २ किलोमीटर, दुसरा दीड किलोमीटर, एकूण साडेतीन किलोमीटर. दोन्ही अंतरे आधी एकाच मापात आणली, मग मिळवली. भिन्न छेदांच्या बेरजेत याहून वेगळे काहीही नाही.

आजीला येणारी बेरीज

गंमत अशी की ही रीत तुमच्या घरात आधीपासून आहे. अर्धा लिटर दूध घेतले, वर पाव लिटर घेतले, तर एकूण किती? मराठी बोलणारे लहान मूलही "पाऊण लिटर" असे सांगते. त्याने काय केले? १/२ + १/४ ही भिन्न छेदांची बेरीज केली. अर्ध्याचे दोन पाव करून घेतले आणि तीन पाव म्हणजे पाऊण असे उत्तर दिले. कागदावर लिहायचे तर २/४ + १/४ = ३/४.

आपल्या भाषेत पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, पावणेदोन, अडीच असे नेहमीच्या वापरातले शब्द आहेत. पूर्वी मुले पाढ्यांबरोबर पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी पाठ करत. त्यामुळे "अडीचमधून पाऊण गेले किती राहिले?" याला आजी पटकन "पावणेदोन" म्हणते. ती मनातल्या मनात सगळ्याचे पाव करून घेते: दहा पावांतून तीन पाव गेले, सात पाव राहिले. १०/४ − ३/४ = ७/४. पाव हा तिचा समान छेद.

आणि तृतीयांशाचे काय? तो पावांत बसत नाही. इथे आजोबांच्या वेळचा रुपया आठवा. १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी सुरू झाली. त्याआधी रुपयाचे १६ आणे आणि आण्याच्या १२ पै असत. म्हणजे रुपयाच्या १९२ पै. अर्धा रुपया ९६ पै आणि रुपयाचा तिसरा हिस्सा ६४ पै. दोन्ही मिळून १६० पै, म्हणजे १३ आणे ४ पै. ही १६० पै रुपयाचा कितवा भाग? १६०/१९२. दोघांना ३२ ने भागा: ५/६. हेच १/२ + १/३ चे बरोबर उत्तर आहे, आणि ते काढताना लसाविचे नावही घ्यावे लागले नाही. पै हे इतके बारीक नाणे होते की अर्धा आणि तिसरा हिस्सा दोन्ही त्यात पुरे बसत.

तासाची ६० मिनिटेही तेच काम करतात. अर्धा तास ३० मिनिटे, तासाचा तिसरा भाग २० मिनिटे. एकूण ५० मिनिटे, म्हणजे तासाचा ५/६ भाग. ६० ला २, ३, ४, ५, ६, १०, १२, १५, २०, ३० या सगळ्यांनी भाग जातो, म्हणून तासाचे तुकडे करताना मिनिटे क्वचितच मोडावी लागतात. समान छेद शोधणे म्हणजे असेच एक सोयीचे बारीक माप शोधणे.

सहा चौकटींची पट्टी

आता हेच चित्राने पाहू. चौकटीच्या कागदावर एका ओळीत ६ चौकटींची पट्टी आखा. ही पट्टी म्हणजे १. तिचा अर्धा भाग ३ चौकटी, तृतीयांश २ चौकटी. एकूण ५ चौकटी, म्हणजे ५/६.

सहाच चौकटी का घेतल्या? कारण पट्टीचे दोन सारखे भाग व्हायला हवेत आणि तीन सारखे भागही व्हायला हवेत, तेही एकही चौकट न कापता. २ आणि ३ या दोघांनी भाग जाणारी सर्वांत लहान संख्या ६. म्हणून लसावि ६. पट्टी १२ किंवा १८ चौकटींची घेतली असती तरी उत्तर बरोबरच आले असते, फक्त शेवटी संक्षेप करावा लागला असता. लसावि घेण्याने कष्ट वाचतात. उत्तराचा खरेपणा त्यावर अवलंबून नसतो.

१/२ चे ३/६ करताना आपण अंश आणि छेद दोघांना ३ ने गुणतो. किंमत बदलत नाही, कारण तुकडे तिप्पट झाले आणि प्रत्येक तुकडा तितकाच बारीक झाला. फक्त छेदाला गुणले आणि अंश तसाच ठेवला, तर मात्र अर्ध्याचा सहावा भाग होऊन बसतो. घाईत ही चूक फार होते. छेदाला जे केले ते अंशालाही करा.

छेदांच्या तीन जोड्या

प्रश्न हाती आला की लगेच गुणाकार सुरू करू नका. पाच सेकंद थांबून छेदांकडे पाहा. तीनपैकी एक प्रकार दिसेल.

पहिला प्रकार: मोठ्या छेदाला लहान छेदाने भाग जातो. ३/४ + ५/८ पाहा. ८ ला ४ ने भाग जातो, म्हणून समान छेद ८. फक्त पहिला अपूर्णांक बदलायचा: ६/८ + ५/८ = ११/८, म्हणजे १ पूर्णांक ३/८. दुसऱ्याला हातही लावायचा नाही.

दुसरा प्रकार: दोन्ही छेदांना १ शिवाय एकही सामाईक विभाजक नाही. २/५ + ३/७ पाहा. इथे छेदांचा गुणाकार हाच लसावि, ३५. मग १४/३५ + १५/३५ = २९/३५.

तिसरा प्रकार: एकाने दुसऱ्याला भाग जात नाही, पण दोघांत काही सामाईक आहे. ५/१२ + ७/१८ पाहा. मूळ अवयव पाडा: १२ = २ × २ × ३ आणि १८ = २ × ३ × ३. लसाविमध्ये २ दोनदा आणि ३ दोनदा हवा: २ × २ × ३ × ३ = ३६. आता १५/३६ + १४/३६ = २९/३६. याच ठिकाणी सरळ १२ × १८ केले असते तर छेद २१६ आला असता: ९०/२१६ + ८४/२१६ = १७४/२१६. पुढे ६ ने संक्षेप केल्यावर पुन्हा २९/३६. उत्तर तेच, पण वाट लांबची, आणि लांबच्या वाटेवर पाय घसरण्याच्या जागा जास्त.

लहान संख्यांसाठी अवयवही पाडायला नकोत. मोठ्या छेदाचा पाढा म्हणा आणि लहान छेदाने भाग जाणारी पहिली संख्या पकडा. अठरा एके अठरा, याला १२ ने भाग जात नाही. अठरा दुणे छत्तीस, याला जातो. झाले.

शिकवणीत काही मुले तिरकस गुणाकाराची युक्ती शिकून येतात: पहिला अंश दुसऱ्या छेदाने गुणा, दुसरा अंश पहिल्या छेदाने गुणा, खाली छेदांचा गुणाकार लिहा. युक्ती खोटी नाही. ती छेदांचा गुणाकार समान छेद म्हणून घेते, इतकेच. पण १/२ + १/३ + १/४ असे तीन अपूर्णांक समोर आले की फक्त युक्ती पाठ असलेला मुलगा थांबतो. ज्याला कारण ठाऊक आहे तो लसावि १२ घेतो आणि लिहितो: ६/१२ + ४/१२ + ३/१२ = १३/१२, म्हणजे १ पूर्णांक १/१२.

आणखी एक सूचना. समान छेद हा बेरीज-वजाबाकीचा नियम आहे. गुणाकारात त्याची गरज नाही. अर्ध्याचा तिसरा भाग म्हणजे १/२ × १/३ = १/६. तिथे लसावि काढत बसू नका.

भास्कराचार्यांनी सांगितलेली वाट

ही रीत कोणाच्या शिकवणीतून निघालेली नाही. भास्कराचार्यांनी ११५० साली रचलेल्या 'लीलावती'त ती आहे. भिन्न छेदांना एका छेदावर आणण्याला तिथे अंशसवर्णन म्हटले आहे. सवर्णन म्हणजे एका वर्णाचे, एका प्रकारचे करणे. त्या काळी अंश वर आणि छेद खाली असेच लिहीत, फक्त मधली रेघ नसे.

भास्कराचार्यांनी दोन वाटा दिल्या आहेत. पहिली: प्रत्येक अपूर्णांकाच्या अंशाला आणि छेदाला दुसऱ्याच्या छेदाने गुणावे. दुसरी वाट त्यांनी बुद्धिमानांसाठी म्हणून सांगितली आहे: आधी दोन्ही छेदांना त्यांच्या सामाईक विभाजकाने भागावे आणि जे लहान आकडे येतील त्यांनी गुणावे. हीच आपली लसाविची रीत.

वजाबाकीसाठी त्यांनी दिलेले उदाहरण १/१४ आणि १/६३ या अपूर्णांकांचे आहे. सोडवून पाहा. १४ आणि ६३ दोघांना ७ ने भाग जातो. भागल्यावर २ आणि ९ उरतात. आता तिरके गुणा: १/१४ ला ९ ने वर-खाली गुणले की ९/१२६, आणि १/६३ ला २ ने वर-खाली गुणले की २/१२६. वजाबाकी ७/१२६, संक्षेप करून १/१८. पहिल्या वाटेने गेलात तर छेद ८८२ येतो आणि ४९/८८२ चा संक्षेप करत बसावे लागते. दोन्ही करून पाहा, बुद्धिमानांची वाट कोणती ते हातालाच कळेल.

महाराष्ट्रातल्या मुलांसाठी आणखी एक गोष्ट. जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण येथे एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी मठ स्थापन केल्याची नोंद त्यात आहे. सुट्टीत त्या बाजूला गेलात तर जरूर पाहा.

वजाबाकीतला हातचा

बेरीज जमली की वजाबाकी जमली, असे बहुतेकांना वाटते. पूर्णांकयुक्त अपूर्णांक आले की तो समज मोडतो. उदाहरण घेऊ: ५ पूर्णांक १/४ मधून २ पूर्णांक २/३ वजा करा.

लसावि १२. म्हणून ५ पूर्णांक ३/१२ वजा २ पूर्णांक ८/१२. आता ३ मधून ८ जात नाहीत. इथे दोन चुका होतात. काही जण उलटे करतात, ८ मधून ३ काढून ५/१२ लिहितात आणि उत्तर ३ पूर्णांक ५/१२ देतात. काही जण हातचा घेतात, पण सवयीने १० चा घेतात आणि ३ चे १३ करतात.

हातचा दहाचाच का असतो, ते आठवा. पूर्ण संख्यांत एक दशक सुटा केला की १० एकक मिळतात, म्हणून तिथे १०. इथे आपण एक पूर्ण सुटा करत आहोत आणि त्याचे बारावे भाग करत आहोत. एका पूर्णात बारावे भाग १२ असतात. म्हणून अपूर्णांकात हातचा छेदाएवढा असतो. ५ पूर्णांक ३/१२ म्हणजे ४ पूर्णांक १५/१२. आता वजाबाकी सरळ होते: ४ वजा २ = २ आणि १५/१२ वजा ८/१२ = ७/१२. उत्तर २ पूर्णांक ७/१२.

हातचा नको असेल तर दोन्ही अंशाधिक रूपात लिहा: २१/४ − ८/३ = ६३/१२ − ३२/१२ = ३१/१२ = २ पूर्णांक ७/१२. कोणतीही रीत घ्या, पण शेवटी पडताळा करा. २ पूर्णांक ७/१२ मध्ये २ पूर्णांक ८/१२ मिळवले की ४ पूर्णांक १५/१२, म्हणजे ५ पूर्णांक ३/१२ परत मिळते. हिशेब जुळला.

पुढच्या वर्गात हेच कुठे भेटते

विजेच्या धड्यात ६ ओहम आणि ३ ओहमचे रोध समांतर जोडले आहेत. १/र = १/६ + १/३ = १/६ + २/६ = ३/६ = १/२, म्हणून परिणामी रोध र = २ ओहम. ज्याने छेदांचीही बेरीज केली त्याला २/९ मिळते आणि रोध साडेचार ओहम येतो. समांतर जोडणीत परिणामी रोध सर्वांत लहान रोधापेक्षाही कमी असतो, हे ज्याला आठवते त्याला साडेचार पाहताच शंका येईल. गणिताच्या उत्तराला असा प्रश्न विचारण्याची सवय ठेवा.

बहिर्वक्र भिंगाचे नाभीय अंतर २० सेंटिमीटर आहे आणि वस्तू ३० सेंटिमीटरवर आहे. प्रतिमेच्या अंतरासाठी १/२० − १/३० काढावे लागते. लसावि ६०: ३/६० − २/६० = १/६०. प्रतिमा ६० सेंटिमीटरवर. सगळे उत्तर सहावीच्या एका ओळीवर उभे आहे.

एनडीएच्या लेखी परीक्षेत गणिताच्या पेपरला १२० प्रश्न आणि ३०० गुण असतात, म्हणजे एका प्रश्नाला अडीच गुण. चुकीच्या उत्तराला त्या प्रश्नाच्या गुणांचा तिसरा हिस्सा कापला जातो: ५/२ चा तिसरा हिस्सा ५/६. समजा एक उत्तर बरोबर आले आणि दोन चुकली. हाती काय राहिले? ५/२ − ५/६ − ५/६ = १५/६ − ५/६ − ५/६ = ५/६. आणि तिसरे चुकले की शून्य. तीन अंदाज फसले तर एका प्रश्नाची सगळी मेहनत गेली. तिथे ठोकून द्यायचे की प्रश्न सोडून पुढे जायचे, हा निर्णय घेण्याआधी हा हिशेब डोक्यात असू द्या.

पालकांसाठी थोडेसे

सुट्टीत मुलगा किंवा मुलगी घरी आली की पुस्तक उघडायला लावण्याआधी स्वयंपाकघरात बोलवा. अर्धी वाटी रवा, पाव वाटी तूप, पाऊण वाटी साखर यांची मापे त्याच्याकडून घ्या. एक तृतीयांश वाटीचे माप घरात असेल तर "अर्धी वाटी आणि ही वाटी मिळून एक पूर्ण वाटी होईल का?" असे विचारा. उत्तर चुकले तर नियम सांगण्याची घाई करू नका. पाणी ओतून पाहू द्या. एक पूर्ण वाटी भरायला अजून थोडी जागा राहते, आणि ती जागा वाटीचा १/६ भाग आहे, हे त्याने स्वतः शोधलेले बरे.

दुसरे असे की उत्तर तपासताना "बरोबर का?" याऐवजी "एकापेक्षा मोठे की लहान?" असे विचारा. तुम्हाला स्वतःला लसावि आठवत नसला तरी हा प्रश्न विचारता येतो. आणि मुलाने "आता आम्ही हे इंग्रजीतून शिकतो" असे सांगितले तर त्याला ते मराठीतून तुम्हाला समजावून सांगायला लावा. जे दोन भाषांत सांगता आले ते नक्की समजले.

सरावासाठी

आधी अंदाज लिहा, मग सोडवा, मग पडताळा करा.

१. १/६ + ३/८
२. ७/१० − ४/१५
३. २/३ + ३/४ + ५/६
४. ६ पूर्णांक १/६ − ३ पूर्णांक ३/४
५. सव्वातीनमधून पावणेदोन वजा करा. कागद-पेन्सिल न वापरता.
६. रूट मार्चला निघताना एका कॅडेटची पाण्याची बाटली पूर्ण भरलेली होती. पहिल्या थांब्यावर त्याने बाटलीचा १/३ भाग प्यायला, दुसऱ्यावर १/४ आणि तिसऱ्यावर १/६. परतीच्या वाटेसाठी किती पाणी उरले?
७. समजा एका कॅडेटच्या दिवसाचा १/३ भाग झोपेत, १/४ वर्गात, १/८ पीटी आणि खेळात आणि १/८ स्वाध्यायात जातो. दिवसाचा कितवा भाग उरला? तो किती तासांचा?

उत्तरे: (१) १३/२४ (२) १३/३० (३) २ पूर्णांक १/४, म्हणजे सव्वादोन (४) २ पूर्णांक ५/१२ (५) दीड (६) पाव बाटली (७) १/६, म्हणजे ४ तास.

सातवे उदाहरण झाले की त्यात तुमच्या स्वतःच्या दिवसाचे आकडे घालून पाहा. सगळ्या भागांची बेरीज १ पेक्षा जास्त आली, तर आधी छेद तपासा. छेद बरोबर असतील, तर वेळापत्रक तपासा.